कलावंतांना अडचणीच्या काळात सरकारी मदत

मार्च २०२० मध्ये टाळेबंदी आली आणि ऐन जत्रांच्या हंगामात तमाशाचे फड बंद पडले. पुढच्या वर्षी महाराष्ट्र शासनाने गरजू कलावंतांना एकरकमी ५,००० रुपये जाहीर केले. पण ते महाराष्ट्रात राहणाऱ्यांना. आम्हा बाहेरच्या मराठी मंडळींना त्याचा उपयोग नव्हता.

केंद्रीय संस्कृती मंत्रालयाची ज्येष्ठ कलावंतांसाठीची योजना मात्र देशभर लागू आहे. वय ६० पूर्ण हवे, वार्षिक उत्पन्न ७२,००० रुपयांच्या आत हवे. मदत दरमहा ६,००० रुपयांपर्यंत. खरे अडते ते पुराव्यापाशी. चाळीस वर्षे भजनात पेटी वाजवणाऱ्याकडे हस्तपत्रिका कुठून असणार? म्हणून घरातील जुनी निमंत्रणे, छायाचित्रे, वर्तमानपत्रांतील कात्रणे रद्दीत टाकू नका, असे आम्ही सभासदांना आवर्जून सांगतो.