आफ्रिकेचा स्वातंत्र्यलढा आणि दिल्ली

आफ्रिकेतील वसाहतींचा स्वातंत्र्यलढा आक्रा, नैरोबी, अल्जिअर्स, लुसाका अशा शहरांतून लढला गेला. मात्र त्या लढ्याला मान्यता, आश्रय आणि आंतरराष्ट्रीय व्यासपीठ मिळवून देण्यात नवी दिल्लीचाही मोठा वाटा होता. ज्या संघटनांना स्वतःचा देश नव्हता, त्यांना येथे कार्यालये उघडता आली. हा पाठिंबा देताना भारताला ब्रिटनशी असलेले संबंध, पूर्व आफ्रिकेतील भारतीयांचे हित आणि अहिंसेचे तत्त्व यांची सांगड घालावी लागली. या धोरणाची पहिली कसोटी लागली ती औंधच्या एका मराठी राजपुत्राच्या कारकिर्दीत.

पुराना किल्ल्यातील परिषद

दक्षिण आफ्रिकेतील भारतीयांना मिळणाऱ्या वागणुकीचा प्रश्न भारताने १९४६ मध्ये संयुक्त राष्ट्रांत मांडला आणि त्याच वर्षी त्या देशाशी व्यापार तोडला. स्वातंत्र्य मिळण्यास तेव्हा एक वर्षाचा अवधी होता.

मार्च १९४७ मध्ये दिल्लीच्या पुराना किल्ल्यात आशियाई संबंध परिषद भरली. परिषद आशियाची असली तरी उद्‌घाटनाच्या भाषणात पंडित नेहरूंनी आफ्रिकेचा आवर्जून उल्लेख केला. आफ्रिकी जनतेला मानवी कुटुंबात तिचे योग्य स्थान मिळवून देण्यास साह्य करणे ही आशियाची विशेष जबाबदारी आहे, असे त्यांनी सांगितले.

औंधचा राजपुत्र नैरोबीत

ही जबाबदारी प्रत्यक्षात आणण्यासाठी नेहरूंनी १९४८ मध्ये अप्पासाहेब पंत यांना ब्रिटिश पूर्व आफ्रिकेत भारताचे आयुक्त म्हणून पाठवले. औंध संस्थानचे अधिपती भवानराव पंतप्रतिनिधी यांचे हे चिरंजीव. महात्मा गांधींच्या मार्गदर्शनाखाली भवानरावांनी १९३९ च्या सुमारास आपली सत्ता प्रजेच्या हाती सोपवली होती. त्या प्रयोगात अप्पासाहेबांचा प्रत्यक्ष सहभाग होता. राज्यकर्त्याने सत्ता सोडल्याचे उदाहरण त्यांनी स्वतःच्या घरातच पाहिले होते.

नैरोबीत त्यांच्यापुढील काम अवघड होते. १८९६ नंतर युगांडा रेल्वेच्या बांधणीसाठी सुमारे ३२ हजार मजूर भारतातून नेण्यात आले होते. त्यांतील बहुसंख्य परतले, तरी त्यांच्यापाठोपाठ व्यापारी, कारकून आणि कारागीर तेथे स्थिरावले. वसाहतीच्या उतरंडीत गोरे वर, भारतीय मध्ये आणि आफ्रिकी सर्वांत खाली, अशी स्थिती होती. सर्वांत सुपीक उंच प्रदेशातील जमीन गोऱ्यांसाठी राखीव होती.

आफ्रिका ही आफ्रिकी लोकांची भूमी आहे आणि तेथे त्यांचेच हित सर्वोच्च मानले पाहिजे, अशी नेहरूंची भूमिका होती. तेथील सर्वच भारतीयांना ती रुचली नाही. पंत यांनी मात्र जोमो केन्याटा यांच्यासारख्या नेत्यांशी मैत्री जोडली आणि आफ्रिकी विद्यार्थ्यांना भारतात शिक्षण घेण्यासाठी शिष्यवृत्त्या मिळवून देण्याच्या कामी पुढाकार घेतला.

आणीबाणी आणि माघारी बोलावणे

२० ऑक्टोबर १९५२ रोजी केनियात आणीबाणी जाहीर झाली आणि केन्याटा यांना अटक करण्यात आली. माउ माउ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या सशस्त्र उठावाचे सूत्रधार असल्याचा त्यांच्यावर आरोप होता. कापेनगुरिया येथील खटल्यात त्यांच्या बचावासाठी दिल्लीहून खासदार दिवाण चमनलाल गेले. केनियातील अच्छ्रू कपिला आणि मूळचे गोमंतकीय फिट्झ डिसोझा हेही बचाव पक्षात होते. एप्रिल १९५३ मध्ये केन्याटा यांना सात वर्षांची शिक्षा झाली.

अहिंसेचा पुरस्कार करणाऱ्या दिल्लीपुढे आता पेच उभा राहिला. नेहरूंनी हिंसेचे समर्थन केले नाही. मात्र तिचे मूळ जमिनीच्या आणि हक्कांच्या प्रश्नात आहे, हे सांगण्यासही ते कचरले नाहीत. उठाव मोडून काढताना, अधिकृत आकडेवारीनुसारच, ११ हजारांहून अधिक बंडखोर मारले गेले. एक हजाराहून अधिक जणांना फाशी देण्यात आली. उठावात ठार झालेल्या गोऱ्या नागरिकांची संख्या ३२ होती.

पंत यांचे आफ्रिकी नेत्यांशी असलेले संबंध ब्रिटिश अधिकाऱ्यांना खुपत होते. त्यांच्या दबावानंतर १९५४ मध्ये पंत यांना नैरोबी सोडावी लागली. त्याच वर्षी भारत सरकारने त्यांना पद्मश्री देऊन गौरवले. राष्ट्रकुलातील संबंध जपण्यासाठी दूत परत आणणे आणि त्याच दूताचा सन्मान करणे, या दोन निर्णयांत दिल्लीची तेव्हाची कोंडी स्पष्ट दिसते.

पुढे १२ डिसेंबर १९६३ रोजी केनिया स्वतंत्र झाला आणि केन्याटा त्याचे पहिले पंतप्रधान झाले. आणीबाणीतील छळाबद्दल ब्रिटिश सरकारने खेद व्यक्त केला तो २०१३ मध्ये. तेव्हा पाच हजारांहून अधिक केनियन नागरिकांना भरपाई देण्यात आली.

राष्ट्राआधी दूतावास

दिल्ली विद्यापीठात १९५५ मध्ये आफ्रिकी अध्ययन विभाग सुरू झाला. १९६० या एकाच वर्षी आफ्रिकेतील १७ देश स्वतंत्र झाले. दक्षिणेकडील देशांत मात्र गोऱ्यांची राजवट कायम होती. त्यामुळे दिल्लीचे लक्ष तिकडे वळले.

दक्षिण आफ्रिकेत बंदी असलेल्या आफ्रिकन नॅशनल काँग्रेसचे कार्यालय १९६७ मध्ये दिल्लीत उघडले. त्याची धुरा सांभाळणारे आल्फ्रेड एन्झो पुढे १९९४ मध्ये दक्षिण आफ्रिकेचे परराष्ट्रमंत्री झाले. नेल्सन मंडेला यांना १९७९ सालचा नेहरू पुरस्कार जाहीर झाला, तेव्हा ते रॉबेन बेटावर कैदेत होते. त्यांच्या वतीने ऑलिव्हर टॅम्बो यांनी १९८० मध्ये दिल्लीत तो स्वीकारला.

नामिबियाच्या स्वापो संघटनेला भारताने १९८५ मध्ये राजनैतिक मान्यता दिली. तिचा पहिला दूतावास १९८६ मध्ये दिल्लीत सुरू झाला. नामिबिया २१ मार्च १९९० रोजी स्वतंत्र झाला. म्हणजे देश अस्तित्वात येण्यापूर्वी चार वर्षे त्याच्या लढ्याला दिल्लीत दूतावास लाभला होता. स्वातंत्र्यपूर्व निवडणुकीच्या काळात तेथे असलेल्या संयुक्त राष्ट्रांच्या सेनेचे नेतृत्व भारताचे लेफ्टनंट जनरल दिवाण प्रेमचंद यांच्याकडे होते.

आजची दिल्ली

चाणक्यपुरीतील क्वामे एन्क्रुमा मार्ग, दक्षिण दिल्लीतील आफ्रिका अॅव्हेन्यू आणि वसंतकुंजकडे जाणारा नेल्सन मंडेला मार्ग ही या इतिहासाची उघड दिसणारी स्मृतिचिन्हे होत. तथापि त्याच वसंतकुंज परिसरात मे २०१६ मध्ये काँगोच्या एका तरुणाची जमावाने मारहाण करून हत्या केली. त्यानंतर आफ्रिकी राजदूतांनी दिल्लीतील आफ्रिका दिनाचा कार्यक्रम पुढे ढकलण्याची मागणी केली. मार्च २०१७ मध्ये ग्रेटर नोएडात नायजेरियन विद्यार्थ्यांवर हल्ले झाले. आफ्रिकी दूतावासांच्या प्रमुखांनी त्यांना वर्णद्वेषी ठरवले.

९ सप्टेंबर २०२३ रोजी प्रगती मैदानावरील भारत मंडपममध्ये आफ्रिकी संघाला जी-२० गटाचे स्थायी सदस्यत्व देण्यात आले. पुराना किल्ला तेथून अगदी जवळ आहे. आफ्रिकेला तिचे स्थान मिळवून देण्याचे १९४७ चे आश्वासन परिषदांच्या सभागृहात बऱ्याच अंशी पाळले गेले. दिल्लीत शिकण्यासाठी येणाऱ्या आफ्रिकी तरुणाला रस्त्यावर आणि भाड्याच्या घरात त्याचा अनुभव येतो का, हा प्रश्न मात्र बाकी आहे.

घटनाक्रम

१९४६ : दक्षिण आफ्रिकेशी भारताने व्यापार तोडला
१९४७ : दिल्लीत आशियाई संबंध परिषद
१९४८ : अप्पासाहेब पंत नैरोबीत आयुक्त
१९५२ : केनियात आणीबाणी
१९५४ : पंत यांनी नैरोबी सोडली
१९६३ : केनिया स्वतंत्र
१९६७ : आफ्रिकन नॅशनल काँग्रेसचे दिल्लीत कार्यालय
१९८६ : स्वापोचा दिल्लीत दूतावास
१९९० : नामिबिया स्वतंत्र, मंडेला यांची सुटका, त्यांना भारतरत्न
१९९४ : दक्षिण आफ्रिकेत सर्व वर्णीयांच्या सहभागाने पहिली निवडणूक
२०२३ : आफ्रिकी संघ जी-२० चा सदस्य