राक्षसपटांचे दप्तर

1954 च्या मार्च महिन्यात बिकिनी बेटावर अमेरिकेने केलेल्या हायड्रोजन बॉम्बच्या चाचणीची राख ज्या जपानी मासेमारी नौकेवर पडली, तिच्या खलाशांच्या दुर्दैवाची चर्चा विरण्यापूर्वीच, त्याच वर्षीच्या 3 नोव्हेंबरला, तोहो या चित्रपट कंपनीने अशाच बॉम्बने जाग्या झालेल्या अजस्र प्राण्याचा ‘गोजिरा’ हा चित्रपट प्रदर्शित केला. आणि इशिरो होंडा यांचे दिग्दर्शन व एइजी त्सुबुराया यांचे चमत्कृतिकौशल्य यांच्या संयोगाने अजस्र प्राण्यांनी नगरे उद्ध्वस्त करण्याची जी परंपरा सुरू झाली, ती पुढे दोन दशके चालू राहिली.

या प्राण्यांचा खरा वैरी मात्र पडद्यावर कधी आलाच नाही; तो त्यांच्या मालकांच्या कचेरीत बसला होता. किंग काँग आणि गोजिरा यांच्या द्वंद्वाचा, होंडांनीच 1962 साली केलेला चित्रपट 1970 मध्ये शाळकरी मुलांसाठी पुन्हा दाखविण्याची तजवीज झाली, तेव्हा 97 मिनिटांची कथा 74 मिनिटांत बसविण्याकरिता, नकलेला नव्हे, तर अस्सल निगेटिव्हलाच कात्री लावण्यात आली. कुलकर्ण्याने मूळ दप्तराची पाने फाडून त्यांचा गोषवारा करावा, तशातला हा प्रकार! वगळलेल्या भागांची पुढे आबाळ झाली, आणि संपूर्ण चित्रपट पाहू इच्छिणाऱ्यास निकृष्ट प्रतींतील ठिगळांवर समाधान मानावे लागले. संगणकाच्या साहाय्याने त्याला मूळ रूप लाभले ते 2016 साली, म्हणजे 46 वर्षांनी. एदो नगरात किंग काँग अवतरल्याचा 1938 चा चित्रपट तर समूळ नाहीसा झाला आहे. त्याला आता कोणतेही यंत्र परत आणू शकणार नाही.

जे मालकांना सुचले नाही, ते या चित्रपटांवर लहानपणी लुब्ध झालेल्यांना सुचले. दिग्दर्शक हिदेआकी आन्नो यांनी 2012 मध्ये टोकियोत चमत्कृतिपटांच्या प्रतिकृतींचे प्रदर्शन भरविले, 2017 मध्ये त्यांच्या जतनासाठी संस्था स्थापली, आणि 2020 मध्ये त्सुबुरायांच्या जन्मगावी, सुकागावा येथे, या वस्तूंचे भांडार उभे राहिले.

चित्रपटांची ॲसिटेटची फीत आंबट वास सोडत कुजते, रंग उडतात. म्हणून अंकीय नक्कल हवीच, परंतु तिच्या भरवशावर मूळ फीत टाकून देणे हा 1970 चाच अपराध पुन्हा करणे होय. जपानच्या सरकारी चित्रपट-संग्रहाने 2017 साली जुने जपानी ॲनिमेशनपट इंटरनेटवर विनामूल्य खुले केले. राक्षसपटांचा ताबा मात्र कंपन्यांकडेच राहिला आहे, आणि ज्यांनी अस्सलावर कात्री चालविली, त्यांच्या एकट्यांच्या मर्जीवर हे दप्तर सोपवू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.