फ्रेमरेट वाढवायचा की वेग राखायचा? एका हातातल्या गेमपासून कोल्हापूरच्या मूकपटांपर्यंत



पेट किंवा सिनॉप्सिसच्या तयारीत असाल तर 'साधनाची चिकित्सा' हा शब्द शंभरदा ऐकला असेल. आज तो एका आकड्यावर वापरून बघू. आकडा आहे सेकंदाला किती फ्रेम, म्हणजेच फ्रेमरेट. इतिहास कोल्हापूरचा आहे, पण सुरुवात गेमपासून करू, म्हणजे गणित लवकर समजेल.

समजा, हातात धरून खेळायच्या जुन्या कन्सोलवर उड्या मारत पुढे जायचा एक प्लॅटफॉर्म गेम आहे. तो सेकंदाला ३० फ्रेम दाखवतो. हौशी मंडळी असे गेम उघडून ६० फ्रेमवर चालवतात, कारण मग हालचाल न अडखळता, सलग दिसते. आता नायक दर फ्रेमला २ पिक्सेल सरकत असेल, तर ३० फ्रेममध्ये ६० पिक्सेल जातो. नुसता फ्रेमरेट दुप्पट केला की तो सेकंदाला १२० पिक्सेल पळायला लागतो. म्हणजे चित्र सलग झालं, पण गेम दुप्पट वेगाने धावला.

मग काय करायचं? दर फ्रेमचा वेग निम्मा करायचा. उडीत मात्र गुरुत्वाकर्षण वेगावर काम करतं, त्यामुळे ते निम्मं करून भागत नाही, एक चतुर्थांश करावं लागतं. तरीही फरक राहतोच. मूळ गेममध्ये उडीचा पहिला टप्पा ८ पिक्सेलचा आणि पुढे दर फ्रेमला १ ने कमी होणारा असेल, तर ८+७+६ असं १ पर्यंत मोजल्यावर उंची ३६ पिक्सेल येते. नव्या हिशोबात पहिला टप्पा ४, घट दर फ्रेमला पाव, आणि बेरीज ३४. म्हणजे ३५ पिक्सेलवरची फळी आधी गाठता येत होती, ती आता येणार नाही.

इथे दोन गोष्टी वेगळ्या ठेवा: सेकंदाला चित्रं किती दिसतात, आणि आतली घटना किती वेगाने घडते. हीच गल्लत जुन्या चित्रपटांबाबत सर्रास होते.

कोल्हापूरचा कॅमेरा

खरी कॉर्नरचा कॅमेरा मानस्तंभ तुम्ही पाहिला असेल. आनंदराव आणि बाबूराव मेस्त्री, म्हणजेच पेंटर बंधू, हे नाटकांचे पडदे रंगवणारे कलावंत. सिनेमा काढायचा तर कॅमेरा हवा. दादासाहेब फाळक्यांनी १९१२ मध्ये लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणला होता, कोल्हापुरात मात्र या भावांनी तो स्वतःच बनवायला घेतला. आनंदराव १९१६ मध्ये वारले. बाबूरावांनी दामल्यांच्या साथीने काम पुढे नेलं आणि १९१७-१८ च्या सुमारास कॅमेरा आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी दोन्ही उभे राहिले. 'सैरंध्री' आला १९२० मध्ये.

त्या काळातले कॅमेरे हाताने फिरवायचे. सर्वसाधारण रचनेत हँडलचा एक फेरा म्हणजे ८ फ्रेम, आणि सेकंदाला दोन फेरे म्हणजे १६ फ्रेम. पण हात हे काही घड्याळ नव्हे. मारामारीचा प्रसंग झपाट्याने दिसावा म्हणून जगभरचे कॅमेरामन मुद्दाम हळू फिरवत. प्रोजेक्टरवाला आपल्या हिशोबाने आणखी वेगळा वेग धरे. आणि कोणत्या वेगाने चित्रण केलं, हे फिल्मच्या पट्टीवर छापलेलं नसतं.

मग १६ फ्रेमला पडदा लुकलुकत नसे का? त्यावर यंत्रातच उपाय होता. प्रोजेक्टरच्या शटरला तीन पाती असली की एकच फ्रेम तीनदा चमकते, म्हणजे सेकंदाला ४८ झळा. चित्रं १६ च राहतात, डोळ्याला लुकलुक कमी होते. घटनेच्या वेगाला धक्का न लावता सुधारणा करायचा हा शंभर वर्षांपूर्वीचा मार्ग बघा.

बोलपट आले आणि हात थांबला. वेग बदलला की आवाजाचा सूरही बदलतो, त्यामुळे २४ फ्रेम हा आकडा पक्का झाला. कोल्हापुरातच १९२९ मध्ये सुरू झालेल्या प्रभातने १९३२ मध्ये 'अयोध्येचा राजा' हा बोलपट दिला.

इथे नुकसान काय होतं?

३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम असतात. म्हणजे १००० फुटांचं रीळ १६ च्या वेगाने १६ मिनिटं ४० सेकंद चालतं, आणि २४ च्या वेगाने ११ मिनिटं ७ सेकंद. साडेपाच मिनिटं कुठे गेली? नटांच्या थांबण्यातून, वळून बघण्यातून, हुंदक्यातून गेली. मग आपण म्हणतो, 'मूकपटातले लोक कसे तुरुतुरु चालायचे, अभिनय किती भडक!' तो वेग त्या नटांचा नाही, आपल्या यंत्राचा आहे.

भारतात सुमारे १३०० मूकपट निघाले आणि त्यांतले अगदी थोडे उरले. बाबूरावांचा १९२५ चा 'सावकारी पाश' आज मिळत नाही. १९३६ ला त्यांनीच तो बोलपट म्हणून पुन्हा केला. त्यांच्या १९२७ च्या 'मुरलीवाला' आणि 'सती सावित्री' यांचे अंश टिकले आहेत. पुरावा इतका थोडा असताना तो चुकीच्या वेगाने बघून अभिनयावर निष्कर्ष काढणं आपल्याला परवडणारं नाही.

दुरुस्तीचे मार्ग दोन. पहिला, दर दुसरी फ्रेम पुन्हा छापून दोनाच्या तीन करायच्या. वेग बरोबर येतो, पण हालचाल किंचित अडखळते. दुसरा, मधल्या फ्रेम संगणकाकडून तयार करून घ्यायच्या. पीटर जॅक्सन यांनी २०१८ मध्ये पहिल्या महायुद्धाच्या चित्रणावर हेच केलं. दिसायला सुंदर, पण त्या मधल्या फ्रेम कोणत्याही कॅमेऱ्याने टिपलेल्या नाहीत. प्रेक्षक म्हणून खुशाल बघा. संशोधक म्हणून हाताच्या एखाद्या मुद्रेवर परिच्छेद लिहिणार असाल, तर ती मुद्रा मूळ फ्रेममध्ये आहे का, हे आधी तपासा.

तुमच्या कामासाठी

जुन्या चित्रपटाची फाईल हाती आली की चार गोष्टी वहीत लिहा. फाईलचा फ्रेमरेट किती? मूळ फ्रेम किती आणि पुन्हा छापलेल्या किती? एकेक फ्रेम पुढे सरकवत गेलात तर जुळी फ्रेम लगेच सापडते. तिसरं, मूळ लांबी फुटांत कुठे नोंदली आहे का? सेन्सॉर मंडळं १९२० पासून आहेत, आणि १९२७-२८ च्या इंडियन सिनेमॅटोग्राफ कमिटीचे साक्षींचे छापील खंडही आहेत. तिथे शोधायला सुरुवात करा. चौथं, पडद्यावरच काही घड्याळ मिळतं का? उंचावरून पडणारी वस्तू, वाहतं पाणी, घोड्याची चाल. नटाची चाल बदलता येते, पडणाऱ्या दगडाची नाही.

यातून 'हा प्रसंग १६ ते १८ फ्रेमच्या दरम्यान चित्रित झालेला दिसतो, कारण...' असं वाक्य तुम्हाला लिहिता येईल. सिनॉप्सिसमध्ये 'कारण' नंतरचा भाग नीट भरा. व्हायव्हाला प्रश्न तिथूनच येतात.