युरोपची भूक, हूवर आणि आपल्या शाळेतले उप्पीट



मराठीच्या एका निवृत्त प्राध्यापकाने स्मृतिव्याख्यानासाठी अमेरिकन राष्ट्राध्यक्षाचा विषय निवडावा, याचे आपणांस नवल वाटले असेल. हा विषय मला ग्रंथालयात सापडला नाही. तो गुंजीत, शाळेच्या पडवीत, ताटलीतून माझ्यापुढे आला. साठच्या दशकात, आपला भाग म्हैसूर राज्यात असताना, मधल्या सुट्टीत आम्हांला भरड गव्हाचे उप्पीट आणि भुकटीचे दूध मिळे. आम्ही भाताच्या मुलखातली पोरे. गहू घरात यायचा तो सणासुदीलाच. पोत्यांवर हातात हात घेतलेले चित्र असे आणि त्या खाण्याला सारे ‘केअरचे उप्पीट’ म्हणत. ‘केअर’ हा शब्द मराठी की कानडी, यावर आमची भांडणे झाल्याचे मला स्मरते.

केअर ही संस्था 1945 साली अमेरिकेत स्थापन झाली ती आपल्यासाठी नव्हे, युद्धाने उद्ध्वस्त झालेल्या युरोपात अन्नाची पार्सले पाठवण्यासाठी. भारतात तिचे काम 1950 साली सुरू झाले. तिच्या मागे जी कल्पना होती, ती पहिल्या महायुद्धानंतर हर्बर्ट हूवर यांनी अमलात आणली होती. अमेरिकेतल्या माणसाने तिथल्या बँकेत पैसे भरावेत आणि युरोपातल्या त्याच्या आप्ताने जवळच्या गोदामातून पीठ, कडधान्य, दुधाचे डबे उचलावेत, अशी ती अन्नाची हुंडी होती.

हूवर यांचा जन्म 1874 चा, आयोवा राज्यातला. वयाच्या दहाव्या वर्षाच्या आतच ते पोरके झाले. पुढे ते खाणकामातले नामांकित इंजिनियर म्हणून लंडनला स्थिरावले. 1914 च्या ऑगस्टमध्ये जर्मनीने बेल्जियम व्यापले. हा देश बहुतांश धान्य बाहेरून आणणारा. आणि समुद्रावर ब्रिटिश नौदलाची नाकेबंदी. जर्मन म्हणत, नाकेबंदी ब्रिटनची आहे, तेव्हा त्यांनीच खायला घालावे. ब्रिटिश म्हणत, मुलूख ज्याने घेतला त्याने पोसावा. दोघांच्या युक्तिवादात तसे काही चूक नव्हते, आणि मध्ये सत्तर लाख माणसे उपाशी होती. हूवर यांनी दोन्ही सरकारांकडून लेखी हमी मिळवल्या: जहाजांवर हल्ला होणार नाही, आलेले धान्य जर्मन सैन्य उचलणार नाही. पुढे उत्तर फ्रान्सचे सुमारे वीस लाख लोकही या व्यवस्थेत आले. एका खाजगी मंडळाने शत्रूच्या ताब्यातला देश पोसावा, याला तोपर्यंत दाखला नव्हता.

पिठाच्या रिकाम्या पिशव्यांचाही काटेकोर हिशेब ठेवला जाई, कारण कापूस स्फोटकांच्या कामी येतो. बेल्जियमच्या स्त्रियांनी त्या पिशव्यांवर कशिदा काढून त्या अमेरिकेला परत भेट पाठवल्या. आपल्याकडे पोती दप्तरे आणि उशांचे अभ्रे झाली. कशिद्याला सवड कोणाला होती!

पुढे 1921 मध्ये व्होल्गाकाठी भीषण दुष्काळ पडला. साम्यवादाचे कट्टर विरोधक असलेल्या हूवर यांनी तिथेही अन्नछत्रे उघडली आणि 1922 च्या उन्हाळ्यात ती रोज एक कोटीहून अधिक लोकांना जेवू घालीत होती. परंतु हाच माणूस 1929 ते 1933 राष्ट्राध्यक्ष असताना, महामंदीत, स्वदेशातल्या बेकारांना केंद्र सरकारने थेट मदत द्यावी याला मात्र राजी नव्हता. बेघरांच्या झोपडपट्ट्यांना लोकांनी त्यांचेच नाव दिले. परक्याची भूक त्यांना दिसली ती आपत्ती म्हणून. घरची भूक मात्र त्यांनी तत्त्वाच्या तराजूत तोलली. माझ्या मते हे वैगुण्य त्यांच्या थोरवीच्या आड झाकता येणार नाही.

1940 मध्ये त्यांनी जर्मनव्याप्त देशांना अन्न पाठवण्याची योजना पुन्हा मांडली. चर्चिल यांनी ती नाकारली. 1943 मध्ये बंगालमध्ये सुमारे तीस लाख माणसे मेली, तेव्हाही धान्यासाठी पुरेशी जहाजे मिळाली नाहीत. मग युद्ध संपले, 1945 चा पाऊस दक्षिणेत दगा देऊन गेला, आणि रेशन माणशी दिवसाला 12 औंसांवर आले. ट्रूमन यांच्या विनंतीवरून एकाहत्तर वर्षांचे हूवर जगाच्या अन्नस्थितीची पाहणी करीत 1946 च्या एप्रिलमध्ये दिल्ली, मुंबई आणि बंगलोरला आले. आमची आजी त्या वर्षाबद्दल फक्त ‘लेव्हीचे साल’ म्हणे. घरचे भात सरकारात घालून कार्डावर दाणे आणायचे, याचा तिला अखेरपर्यंत राग होता. केअरचे उप्पीट मी घरी आणले की ती ताटलीकडे पाहतही नसे.

आता आपल्या शेजारची गोष्ट. 1919 नंतर हूवर यांच्या संस्थेने पोलंडमध्ये दहा लाखांहून अधिक मुलांना जेवण पुरवले. वीस वर्षांनी पूर्व पोलंडमधली लाखो माणसे सोव्हिएत सत्तेने सैबेरिया, कझाकस्तानात हद्दपार केली. 1942 मध्ये त्यांतली काही इराणमार्गे सुटली. आणि 1943 पासून सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित, बहुतेक स्त्रिया व मुले, कोल्हापूरजवळ वळिवडे येथील छावणीत राहिले. बराकी, शाळा, चर्च, नाट्यगृह, सारे तिथे होते. त्या आयांपैकी कित्येक जणी लहानपणी हूवर यांच्या अन्नावर वाढलेल्या असणार, असे वयाच्या हिशेबाने वाटते. खर्च आधी लंडनमधल्या पोलिश सरकारचा होता. पुढे संयुक्त राष्ट्रांच्या मदत-संघटनेने भार उचलला. 1948 पर्यंत छावणी रिकामी झाली. फाळणीत घरदार गमावलेले सिंधी बांधव तिथे वसले आणि वस्तीला गांधीनगर हे नाव मिळाले.

ते आता कापडाच्या घाऊक बाजारासाठी प्रसिद्ध आहे. आमच्या घरच्या एका लग्नाचा बस्ता तिथेच बांधला. दुकानदाराने चहा मागवला, आम्ही दोन तास साड्या पाहिल्या. ते बराकींचे गाव आहे, हे मला त्या दिवशी ठाऊक नव्हते.