वर्गणीचा खेळ

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)

३ जून २०२० ही तारीख रायगडच्या किनाऱ्यावर राहणारा माणूस सहसा विसरणार नाही. त्या दिवशी दुपारी ‘निसर्ग’ चक्रीवादळ अलिबागच्या दक्षिणेला किनाऱ्यावर चढलं आणि मुरूड-श्रीवर्धनपर्यंतच्या नारळी-पोफळीच्या वाड्या बघता बघता आडव्या झाल्या. विजेचे खांब पडले, मोबाइलचे टॉवर गप्प झाले. किनाऱ्यावरच्या कित्येक गावांत त्यानंतर आठवड्यांमागून आठवडे अंधार होता.

टाळेबंदीमुळे माझा नातू मार्चपासून आमच्याकडे गावी अडकला होता. ठाण्याहून येताना त्याने आपलं गेमचं यंत्र, म्हणजे कन्सोल, बरोबर आणलं होतं. वादळानंतर बऱ्याच दिवसांनी शेजाऱ्यांच्या जनरेटरवर तासभर टीव्ही लावायची सोय झाली. नातवाने मोठ्या आशेने यंत्र सुरू केलं. पडद्यावर गेमची भलीमोठी यादी आली, पण एकेका चित्राच्या कोपऱ्यात कुलूप! ‘‘आजोबा, गेम आत आहे. मी स्वतः उतरवून घेतलाय. पण उघडत नाही.’’ पोरगं रडकुंडीला आलं होतं.

कारण साधं होतं. त्याच्या मासिक वर्गणीची मुदत मधल्या काळात संपली होती. माझ्या मुलाच्या कार्डावरून पुढच्या महिन्याचे पैसे कापले गेलेही असतील, पण ते यंत्राला कळायला इंटरनेट हवं, आणि इंटरनेट तर वाऱ्याने नेलं होतं. शेवटी पिशवीच्या तळाशी एक चकती सापडली. दोन वर्षांपूर्वी वाढदिवसाला दुकानातून आणलेली. ती घातली आणि गेम विनातक्रार सुरू झाला. ना तारीख विचारली, ना परवाना.

त्या संध्याकाळपासून एक प्रश्न माझ्या मनात घोळत राहिला. वर्गणी भरून आपण नेमकं काय घेतो? त्याचं उत्तर शोधताना मी बराच मागे गेलो. आज तेच तुम्हाला सांगणार आहे.

वर्गणी हा शब्द आपल्याला काही नवा नाही. गणपतीची वर्गणी असते, भजनी मंडळाची असते आणि वाचनालयाची असते. कोकणात तर वाचनालयांची परंपरा फार जुनी. रत्नागिरीचं नगर वाचनालय १८२८ सालचं. आमचा रायगड पूर्वी कुलाबा जिल्हा होता. रायगड हे नाव १९८१ मध्ये मिळालं. या कुलाबा जिल्ह्यातल्या एका लहान वाचनालयाच्या कार्यकारिणीत मी पुष्कळ वर्षं होतो. पद्धत सगळीकडची तीच. आधी अनामत भरायची, मग दरमहा वर्गणी. एका वेळी एक पुस्तक आणि एक मासिक घरी न्यायचं. उशीर झाला तर दंड. वर्गणी थकली तर नवं पुस्तक मिळायचं नाही, पण घरी नेलेलं पुस्तक काही त्या रात्री आपोआप मिटून जायचं नाही! आणि महत्त्वाचं म्हणजे, कपाटातलं पुस्तक वाचनालयाच्या मालकीचं असे. एकदा विकत घेतलं की लेखक किंवा प्रकाशक ते परत मागू शकत नसे. सभासदाला वार्षिक सभेत उभं राहून ‘अमुक लेखकाची पुस्तकं का घेत नाही?’ असं विचारता येई, आणि लोक विचारतही.

आज ज्या रेडिओवरून मी तुमच्याशी बोलतो आहे, त्यालाही एके काळी वर्गणी होती. यंत्र आपण दुकानातून विकत आणायचं, पण ते घरात ठेवायला सरकारी परवाना लागायचा. दरवर्षी पोस्टात जाऊन पैसे भरायचे आणि परवान्याच्या पुस्तिकेवर तिकीट लावून घ्यायचं. ऐंशीच्या दशकात हा परवाना बंद झाला. वस्तू आपली, पण वापराची परवानगी दुसऱ्याची, ही गोष्ट आपल्या पिढीने अशी अनुभवली आहे. फरक इतकाच की परवाना संपला म्हणून रेडिओ स्वतःहून मुका होत नसे.

त्यानंतर व्हिडिओ आला. १९८२ च्या दिल्ली एशियाडच्या सुमारास रंगीत टीव्ही आले आणि पाठोपाठ व्हिडिओ लायब्रऱ्या. एका रात्रीसाठी व्हीसीआर आणि तीन पिक्चर भाड्याने आणायचे आणि आळीतल्या सगळ्यांनी मिळून पहाटेपर्यंत बघायचे. नव्वदच्या दशकात त्याच दुकानांत टीव्हीवर खेळायच्या गेमच्या कॅसेटी दिसू लागल्या. खरं तर ती कॅसेट नव्हती, आत इलेक्ट्रॉनिक पट्टी असलेली प्लास्टिकची डबी होती, पण आपण सगळे तिला कॅसेटच म्हणत होतो. माझा मुलगा तेव्हा दहा-बारा वर्षांचा. अलिबागच्या बाजारातून तो ‘मारिओ’ आणि ‘काँट्रा’ भाड्याने आणायचा. जुनी कॅसेट द्यायची, वर थोडे पैसे द्यायचे आणि दुसरी न्यायची, असाही व्यवहार चाले. चालली नाही तर खालून फुंकर मारायची, हा सार्वत्रिक उपाय! काही कॅसेटींवर तर ‘नव्याण्णव लाख गेम’ असं छापलेलं असे. लावून बघावं तर तेच मूठभर गेम नावं आणि रंग बदलून पुन्हा पुन्हा यायचे. यादीचा आकडा आणि प्रत्यक्ष माल यांत अंतर असतं, हा धडा त्या कॅसेटींनीच आम्हाला दिला.

आपण इकडे फुंकर मारत होतो तेव्हा अमेरिकेत मात्र कॅसेटच नको, असा प्रयत्न सुरू होऊन पुष्कळ वर्षं झाली होती. ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला मॅटेल कंपनीच्या ‘इंटेलिव्हिजन’ या यंत्रासाठी ‘प्लेकेबल’ नावाची सेवा निघाली. टीव्हीच्या केबलमधून दर महिन्याला बदलणारे वीसेक गेम घरात येत. पण गेम मोठे होत गेले, जोडयंत्राच्या तुटपुंज्या स्मृतीत ते मावेनात, आणि सेवा गुंडाळावी लागली. १९८३ मध्ये ‘गेमलाइन’ आली. ती टेलिफोनच्या तारेवरून अटारीच्या यंत्रात गेम उतरवून द्यायची. ठरावीक वेळा खेळून झालं की पुन्हा फोन लावायचा आणि पुन्हा पैसे मोजायचे. ही सेवा चालली नाही, पण ती काढणाऱ्या कंपनीतूनच पुढे ‘अमेरिका ऑनलाइन’ ही इंटरनेट कंपनी उभी राहिली.

सगळ्यांत गाजली ती ‘सेगा चॅनेल’. डिसेंबर १९९४ मध्ये अमेरिकेत ती सुरू झाली. महिन्याला सुमारे पंधरा डॉलर भरायचे आणि केबलवरून पन्नासेक गेमांतून हवा तो निवडायचा. निवडलेला गेम जोडयंत्रात उतरायचा, पण वीज बंद केली की पुसला जायचा. पुन्हा खेळायचं तर पुन्हा उतरवायचा. सेगाचं हे गेमयंत्र शॉ वॉलेस कंपनीमार्फत १९९५ मध्ये भारतातही आलं होतं. ते चॅनेल मात्र आपल्याकडे आलं नाही, आणि १९९८ मध्ये तिकडेही बंद पडलं. जपानमध्ये निन्टेन्डोने १९९५ ते २००० या काळात चक्क उपग्रहावरून गेम पाठवून पाहिले. कल्पना सगळ्यांकडे होती. अडत होतं ते तारेच्या वेगापाशी आणि यंत्राच्या स्मृतीपाशी.

ती अडचण इंटरनेट वेगवान झाल्यावर सुटली. सोनीची ‘प्लेस्टेशन प्लस’ ही वर्गणी जून २०१० मध्ये निघाली. मायक्रोसॉफ्टची ‘एक्सबॉक्स गेम पास’ जून २०१७ मध्ये आली, तेव्हा महिन्याला दहा डॉलरमध्ये शंभराहून अधिक गेम मिळत होते. पुढच्याच वर्षी मायक्रोसॉफ्टने स्वतःचे नवे गेम बाजारात येतील त्याच दिवशी वर्गणीदारांना द्यायला सुरुवात केली. २०२२ मध्ये सोनीने आपल्या वर्गणीच्या तीन पायऱ्या केल्या. भारतात वरच्या पायरीत ‘स्ट्रीमिंग’ नव्हतं. स्ट्रीमिंग म्हणजे गेम दूरच्या संगणकावर चालतो आणि आपल्याकडे फक्त चित्र येतं. इथे त्याऐवजी ‘डिलक्स’ नावाची वेगळी पायरी दिली गेली.

आता नातवाच्या कुलपाकडे परत येऊ. या सेवांत गेम आपल्या हाती येतो तो तीन वेगवेगळ्या नात्यांनी, आणि घोटाळा होतो तो ही तीन नाती एकच समजल्यामुळे. पहिलं नातं खरेदीचं. दुकानातून चकती आणली किंवा पूर्ण किंमत देऊन गेम उतरवला, की वर्गणी असो-नसो, तो उघडतो. दुसरं नातं महिन्याच्या भेटीचं. प्लेस्टेशन प्लसमध्ये दरमहा काही गेम जाहीर होतात. ते त्या महिन्यात आपल्या खात्यात जमा करून घेतले की वर्गणी चालू असेपर्यंत उघडतात. वर्गणी थांबली की कुलूप लागतं, पुन्हा भरली की कुलूप निघतं. तिसरं नातं कपाटाचं, म्हणजे शेकडो गेमांच्या यादीचं. इथे आपण वर्गणी नेमाने भरत राहिलो तरी एखादा गेम एक दिवस यादीतून निघून जातो. कारण तो गेम बनवणाऱ्याचा आणि सेवा चालवणाऱ्या कंपनीचा करार ठरावीक मुदतीचा असतो. मुदत संपली की कपाटातला तो कप्पा सगळ्यांसाठी रिकामा होतो. जाण्याआधी सूचना मिळते, आणि गेम पासमध्ये जाणारा गेम सवलतीत विकत घेण्याचीही सोय असते.

या तिन्हींच्या मुळाशी आहे तो परवाना. गेमची पन्नास-शंभर जीबीची फाइल यंत्रात पडलेली असते, पण ती उघडायची की नाही हे परवान्याची एक लहानशी नोंद ठरवते. खात्याचं एक ‘घरचं यंत्र’ ठरवून ठेवलं तर त्यावर इंटरनेटशिवायही काही काळ खेळता येतं, पण नोंदीतली मुदत उलटली की यंत्राला कंपनीशी बोलावंच लागतं. नातवाचं नेमकं तेच झालं होतं.

मुदत टळायला वादळच यावं लागतं असं नाही. १ ऑक्टोबर २०२१ पासून रिझर्व्ह बँकेने दरमहा आपोआप कापल्या जाणाऱ्या पैशांसाठी नवे नियम लागू केले. पैसे कापण्याच्या किमान चोवीस तास आधी ग्राहकाला कळवायचं, असा त्यातला एक नियम. ग्राहकाच्या भल्याचाच तो होता. पण सुरुवातीला बँका आणि परदेशी कंपन्यांचा मेळ बसेना, आणि देशभर अनेकांच्या वर्गण्या न सांगता थांबल्या.

मग वर्गणी वाईट का? मी तसं म्हणणार नाही. नवा मोठा गेम चार-पाच हजार रुपयांना मिळतो. आमच्या गावातल्या किती घरांना तो परवडेल? काहीशे रुपयांत शेकडो गेम उघडणं ही त्या मुलांसाठी मोठीच गोष्ट आहे. गावच्या वाचनालयाने माझ्यासारख्या पोराला जे दिलं, तेच हे. पण दर ठरवणारा दुसरा कुणी असतो, हेही खरं. ऑक्टोबर २०२५ मध्ये अमेरिकेत गेम पासच्या वरच्या पायरीची किंमत वीस डॉलरवरून एकदम तीसवर गेली. वर्गणीदाराला विचारायला तिथे वार्षिक सभा नव्हती.

आणि विकत घेतलेलं तरी कायमचं राहतं का? युबिसॉफ्ट कंपनीचा ‘द क्रू’ हा २०१४ सालचा मोटारशर्यतीचा गेम चालायला कंपनीचा संगणक लागायचा. मार्च २०२४ च्या अखेरीस कंपनीने तो संगणक बंद केला, आणि पूर्ण किंमत मोजून चकती घेतलेल्यांचाही गेम संपला. या प्रश्नावर जगभर ओरड झाली. अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्याने २०२४ मध्ये कायदा केला आणि तो १ जानेवारी २०२५ पासून लागू झाला. ग्राहकाला फक्त परवाना मिळत असेल, तर ते स्पष्ट सांगितल्याशिवाय इंटरनेटवरच्या दुकानाला ‘विकत घ्या’ असा शब्द वापरता येत नाही. मला हा कायदा आवडला. तो वर्गणी बंद करत नाही. तो फक्त गिऱ्हाइकाला नातं कोणतं ते आधी सांगायला लावतो.

जाता जाता त्या जून महिन्याचीच एक गोष्ट सांगतो. वादळात आमच्या वाचनालयाचे पत्रे उडाले आणि दोन कपाटं भिजली. आम्ही चार म्हातारे आणि माझा नातू, पाऊस उघडला की ओटीवर पुस्तकं पसरून वाळवत होतो. बरीच वाचली. काहींची पानं मात्र चिकटून त्यांचा लगदा झाला. ती गेली ती गेलीच, आणि त्यांतली दोन-चार आता बाजारातही मिळत नाहीत. महिन्याभराने इंटरनेट आलं, तेव्हा नातवाच्या यंत्रातली सगळी कुलपं एका क्षणात निघाली. त्याचा गेम सोडला होता त्याच वळणावर उभा होता.

म्हणजे भिजण्याचं भय एकीकडे आणि कुलपाचं भय दुसरीकडे. नातू आता कॉलेजात आहे. दर मे महिन्यात आमच्याकडे आला की पावसाळ्यापूर्वी वर्गणीची तारीख तपासतो आणि दोन चकत्या न विसरता माझ्या कपाटात ठेवून जातो. वाचनालयाची पुस्तकंही आम्ही खालच्या फळीवर ठेवत नाही.