जनरल अलेक्झांडर कनिंगहॅम : बौद्ध स्थळांची ओळख पटवणारा ब्रिटिश सेनाधिकारी

सारनाथ, श्रावस्ती, कुशीनगर, साची, बोधगया या स्थळांना आज आपण वंदन करायला जातो. दोनशे वर्षांपूर्वी यांतली अनेक ठिकाणे मातीचे ढिगारे होती. काहींचे नावही स्थानिक लोक विसरले होते. ती नावे पुन्हा नकाशावर आणणाऱ्यांत मेजर जनरल सर अलेक्झांडर कनिंगहॅम यांचे काम सर्वांत मोठे आहे. धम्मचळवळीत काम करणाऱ्या प्रत्येक तरुणाला हा माणूस, त्याचे काम आणि त्यामागचा हेतू माहीत असायला हवा, असे आम्हाला वाटते.

सैन्यातील कारकीर्द

कनिंगहॅम यांचा जन्म २३ जानेवारी १८१४ रोजी लंडनमध्ये झाला. वडील अॅलन कनिंगहॅम हे स्कॉटिश कवी. ईस्ट इंडिया कंपनीच्या अॅडिस्कोम्ब येथील लष्करी शाळेत शिक्षण घेऊन ते वयाच्या १९व्या वर्षी, १८३३ मध्ये, बंगाल इंजिनिअर्स या पलटणीत अधिकारी म्हणून भारतात आले. पुढे गव्हर्नर जनरल लॉर्ड ऑकलंड यांचे ते परिसहायक (एडीसी) होते. डिसेंबर १८४३ मध्ये ग्वाल्हेरच्या शिंद्यांच्या फौजेविरुद्ध झालेल्या पन्नियारच्या लढाईत ते होते. पंजाबात शिखांविरुद्धच्या दोन्ही युद्धांत त्यांनी भाग घेतला. लडाख-तिबेट सीमा ठरवण्याच्या कामावरही त्यांची नेमणूक झाली होती. ब्रह्मदेशात आणि नंतर वायव्य प्रांतात मुख्य अभियंता म्हणून काम करून १८६१ मध्ये ते मेजर जनरल या हुद्द्यावर सैन्यातून निवृत्त झाले.

सारनाथ ते साची

कलकत्त्यात त्यांची ओळख जेम्स प्रिन्सेप यांच्याशी झाली. याच प्रिन्सेप यांनी १८३७ मध्ये ब्राह्मी म्हणजेच धम्मलिपी वाचली आणि सम्राट अशोकांचे शिलालेख पुन्हा बोलू लागले. त्याआधीच, १८३४-३६ या काळात, विशीतल्या कनिंगहॅम यांनी स्वखर्चाने सारनाथच्या धामेक स्तूपात माथ्यापासून तळापर्यंत विवर खणले. अस्थी सापडल्या नाहीत, पण प्रतीत्यसमुत्पादाची गाथा कोरलेली शिळा मिळाली. सारनाथच्या डझनावारी मूर्ती पुढे वरुणा नदीवरच्या पुलाच्या कामात पाण्यात टाकल्या गेल्या, ही गोष्टही विसरता कामा नये.

१८५१ मध्ये त्यांनी लेफ्टनंट मेसी यांच्यासह साचीचे स्तूप खोदले. स्तूप क्रमांक ३ मध्ये दोन दगडी पेट्या सापडल्या. एकीच्या झाकणावर सारिपुत्तांचे, दुसरीच्या झाकणावर महामोग्गलानांचे नाव धम्मलिपीत कोरलेले होते. तथागतांच्या दोन अग्रश्रावकांच्या ऐतिहासिकतेचा हा दगडावरचा पुरावा होता. जवळच्या सातधारा येथेही या दोघांच्या नावाच्या अस्थी मिळाल्या. मात्र हे खोदकाम घाईचे होते. त्यात स्तूपांचे नुकसान झाले, आणि ते दुरुस्त करायला १९१२ नंतर जॉन मार्शल यांना कित्येक वर्षे लागली. अग्रश्रावकांच्या अस्थी लंडनच्या संग्रहालयात पोहोचल्या. बौद्ध जगताच्या मागणीनंतर त्या १९४७ मध्ये परत निघाल्या आणि ३० नोव्हेंबर १९५२ रोजी साचीच्या चेतियगिरी विहारात ठेवल्या गेल्या.

पुरातत्त्व खात्याची स्थापना

निवृत्तीनंतर कनिंगहॅम यांच्या प्रस्तावावरून लॉर्ड कॅनिंग यांनी डिसेंबर १८६१ मध्ये त्यांना पुरातत्त्व सर्वेक्षक नेमले. १८६५ मध्ये हे काम बंद पडले. १८७१ पासून ते नव्याने उभारलेल्या भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण खात्याचे महासंचालक झाले आणि १८८५ पर्यंत त्या पदावर राहिले.

त्यांची पद्धत सोपी होती. फाहियान आणि ह्यु एन त्सांग या चिनी भिक्खूंची प्रवासवर्णने हातात घ्यायची, त्यांनी दिलेली दिशा आणि अंतर मोजत चालायचे, ढिगारे पाहायचे, शिलालेख व नाणी तपासायची. अशा रीतीने कसया हे कुशीनगर, बडगाव हे नालंदा, बसाढ हे वैशाली, कोसम हे कोसंबी असल्याचे त्यांनी दाखवले. सहेत-महेत येथे भिक्खू बल यांनी दान दिलेली बोधिसत्त्वाची मूर्ती सापडली. तिच्यावरील लेखात श्रावस्तीचे नाव असल्याने त्या स्थळाच्या ओळखीला भक्कम आधार मिळाला. १८७३ मध्ये त्यांनी भरहुतचा स्तूप शोधला. तेथील शिल्पांखाली नावे कोरलेली आहेत. अनाथपिंडिकाने जमिनीवर नाणी पसरून जेतवन विकत घेतल्याचा प्रसंगही त्यात आहे. आसपासचे लोक दगड घरांसाठी नेत असल्याने उरलेले कठडे त्यांनी कलकत्त्याच्या संग्रहालयात हलवले.

सगळेच निष्कर्ष बरोबर ठरले नाहीत. कपिलवस्तूची जागा त्यांनी चुकीची सांगितली होती. लुंबिनीचा अशोकस्तंभ उजेडात आला तो त्यांच्या मृत्यूनंतर, १८९६ मध्ये. महाराष्ट्रातील लेणी त्यांच्या कामात फारशी येत नाहीत. पश्चिम भारताचे सर्वेक्षण जेम्स बर्जेस यांच्याकडे होते, आणि नालासोपाऱ्याचा स्तूप १८८२ मध्ये पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी उघडला.

हेतू आणि पुरावा

कनिंगहॅम हे बौद्धांचे कैवारी होते, असा समज करून घेणे चूक ठरेल. १८४३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या, कर्नल साइक्स यांना लिहिलेल्या पत्रात त्यांनी आपला हेतू उघड सांगितला आहे. ब्राह्मणी धर्म अनादी आणि अपरिवर्तनीय नाही हे उत्खननातून सिद्ध होईल, त्याचा ब्रिटिश राज्याला फायदा होईल आणि ख्रिस्ती धर्माच्या प्रसाराला वाट मिळेल, असे त्यांचे म्हणणे होते. हा साम्राज्याच्या अधिकाऱ्याचा विचार होता.

पण दगडावरचा लेख खोदणाऱ्याच्या हेतूने बदलत नाही. कनिंगहॅम यांनी काढलेले पुरावे आज कोणीही तपासू शकतो, आणि त्यांचे मोल तिथेच आहे. बोधगयेच्या महाबोधी महाविहाराची दुरुस्ती १८८० च्या दशकात त्यांच्या आणि बेगलर यांच्या देखरेखीखाली झाली. तेथील वज्रासनाची नोंद त्यांनी केली आणि १८९२ मध्ये ‘महाबोधी’ हा ग्रंथ प्रसिद्ध केला. तरीही महाविहार महंतांच्याच ताब्यात राहिला. १९४९ च्या कायद्यानेही व्यवस्थापन समितीत चार बौद्ध आणि चार हिंदू सदस्य अशी विभागणी केली. स्थळ कोणाचे हे पुराव्याने सिद्ध होते, पण ते कोणाच्या ताब्यात राहील हे संघटित मागणीवर ठरते.

२८ नोव्हेंबर १८९३ रोजी लंडनमध्ये कनिंगहॅम यांचे निधन झाले. त्यांच्या कारकिर्दीतील अहवालांचे २३ खंड आजही उपलब्ध आहेत. आपल्या तरुणांनी ते उघडावेत, धम्मलिपी शिकावी आणि जवळच्या लेण्यांतील लेख स्वतः वाचावेत. आपला इतिहास दुसऱ्याने सांगेपर्यंत थांबण्याची वेळ पुन्हा येऊ नये.