पावणेतीनच्या आधी

3 जून 1993, सकाळ. अर्कान्सासमधल्या वेस्ट मेम्फिसचं पोलिस ठाणं. तुम्ही कोपऱ्यात बसला आहात. तुम्ही कुणाला दिसत नाही. तुमच्या मनगटावर घड्याळ आहे, तेवढं सांभाळा.

सतरा वर्षांच्या जेसी मिसकेलीला आत आणतात. बुद्ध्यंक 72. सोबत वकील नाही, वडील नाहीत. महिन्यापूर्वी, 5 मेच्या संध्याकाळी, आठ वर्षांची तीन मुलं बेपत्ता झाली आणि दुसऱ्या दिवशी रॉबिन हूड हिल्सच्या झाडीतल्या ओढ्यात त्यांचे मृतदेह सापडले. गाव भेदरलंय, चिडलंय.

खोटं पकडणाऱ्या यंत्रावर त्याची चाचणी घेतात आणि सांगतात, तू खोटं बोलतोयस. मग कोऱ्या कागदावर वर्तुळ काढतात, त्यात आणि त्याबाहेर ठिपके. आत गुन्हेगार, बाहेर पोलिस आणि बाकीचे. तू कुठे? पोरगा कागदाकडे बघत राहतो. त्याला एका मृतदेहाचा फोटो दाखवतात, टेपवर एका लहान मुलाचा आवाज ऐकवतात.

पावणेतीनच्या सुमारास रेकॉर्डरचं बटण दाबलं जातं. तोवरचं सगळं फक्त तुम्हीच ऐकलंय.

खून कधी झाला? सकाळी नऊला, तो म्हणतो. नऊला ती मुलं शाळेत होती! मग दुपारी बारा. तेव्हाही शाळा सुटलेली नव्हती. पुढच्या टेपमध्ये पाच-सहा, आणि पुन्हा खोदून विचारल्यावर सात-आठ. मंडईत भाव सरकावा तशी वेळ सरकत जाते. मुलांना दोरीने बांधलं, असंही तो सांगतो. मुलं बांधलेली होती त्यांच्याच बुटांच्या नाड्यांनी. इतक्या तासांपैकी टेपवर येतो जेमतेम पाऊण तास.

(आपल्याकडे पोलिसांसमोरची कबुली सहसा कोर्टात पुरावा म्हणून चालत नाही. इथे बसल्यावर तो नियम कशाला केला असेल ते कळतं.)

फेब्रुवारी 1994, कॉर्निंगचं कोर्ट. ज्युरी टेप ऐकते: जन्मठेप, वर चाळीस वर्षं. शिक्षेनंतर त्याचेच वकील नको म्हणत असतानाही जेसी पुन्हा कबुली देतो, त्यामुळे त्याच्यावर शंका असणाऱ्यांच्या हातीही काहीतरी आहेच. एचबीओसाठी जो बर्लिंजर आणि ब्रूस सिनॉफ्स्की हे सगळं चित्रित करताहेत. 1996 मध्ये त्यांचा 'पॅराडाइज लॉस्ट' हा माहितीपट आला आणि हजारो लोक जेसी आणि या खटल्यातले आणखी दोन आरोपी, अशा तिघांच्या बाजूने उभे राहिले. पुढच्या भागात मात्र त्याच कॅमेऱ्याने एका मुलाच्या सावत्र वडिलांकडे संशयाची सुई वळवली. माझ्या मते तीही घाईच होती. पडद्यावर कुणी विचित्र वागला म्हणून तो खुनी ठरत नाही.

19 ऑगस्ट 2011, जोन्सबरो. कोर्टाबाहेर कॅमेऱ्यांची गर्दी. जेसी आता 36 वर्षांचा, अठरा वर्षं तुरुंगात काढलेला. आज तिघंही सुटणार आहेत, पण अट अशी: निर्दोष आहोत असं म्हणायची मुभा आहे, तरी न्यायाधीशांपुढे गुन्हा मात्र कबूल करायचा. जेसी पुन्हा एकदा कबूल करतो. मनगटाकडे बघू नका. या वेळी वेळ कुणी विचारत नाही.